काळाचं दुरुस्ती खातं

एका फडताळावरचा डबा उचलायचा आणि दुसऱ्या फडताळावर तशाच जागी ठेवायचा. काम एवढंच. ज्याला तो डबा हवा होता त्याला तो वेळेवर सापडत नाही, त्यामुळे पुढची एक गोष्ट लांबते, तिच्यामुळे आणखी एक, आणि असं होत होत त्या शतकात हवा तो सामाजिक बदल घडून येतो. त्याच झटक्यात त्या काळातली अंतराळयानंही इतिहासातून पुसली जातात. आयझॅक असिमॉव्हच्या ‘द एंड ऑफ इटर्निटी’ या 1955 सालच्या कादंबरीच्या सुरुवातीलाच हा प्रसंग येतो. डबा हलवणारा अँड्र्यू हार्लन हुद्द्यानं टेक्निशियन आहे. काळाच्या बाहेर असलेल्या ‘इटर्निटी’ नावाच्या संस्थेत तो नोकरी करतो आणि माणसाच्या इतिहासात बिघाड दिसला की तिथं जाऊन दुरुस्ती करतो.

विज्ञानकथांमध्ये काळप्रवास म्हटला की लेखकाचं आणि वाचकाचंही लक्ष यंत्राकडे जातं. असिमॉव्हनं ते यंत्र लिफ्टइतकं साधं करून टाकलं. बोगद्यासारख्या मार्गावरून शतकांमागून शतकं वर-खाली जाणारी ती एक पेटी आहे, आणि तिच्याबद्दल तो फार बोलतही नाही. त्याला रस आहे तो देखभालीच्या कामात. म्हणून त्याच्या इटर्निटीत एखाद्या पाटबंधारे खात्यासारखी पदांची उतरंड आहे. निरीक्षक त्या-त्या शतकात जाऊन माहिती आणतात. समाजशास्त्रज्ञ त्या माहितीवरून समाजाचं गणित मांडतात. आयुष्यं आखणारे अधिकारी बदलानंतर एकेका माणसाचं काय होईल याचा हिशेब करतात. ‘कंप्युटर’ हाही तिथं माणसाचाच हुद्दा आहे. 1955 साली हा शब्द आकडेमोड करणाऱ्या माणसासाठी सर्रास वापरात होता, हे लक्षात ठेवलं की वाचताना अडखळायला होत नाही. सगळ्यांचं गणित झालं की शेवटी टेक्निशियन जातो आणि डबा हलवतो. गंमत म्हणजे निर्णय घेणारे पुष्कळ असले तरी हात एकट्या टेक्निशियनचा लागलेला असतो, त्यामुळे खात्यातले बाकीचे लोक त्यालाच टाळतात.

या पद्धतीला कादंबरीत ‘किमान आवश्यक बदल’ असं नाव आहे. हवा तो परिणाम साधायचा, पण कमीत कमी ढवळाढवळ करून. हार्लनच्या नावावर आणखी एक कामगिरी आहे. 223व्या शतकात तो एका यंत्रात किरकोळ बिघाड करतो, त्यामुळे एक तरुण यंत्रशास्त्राच्या व्याख्यानाला पोहोचत नाही. पुढे तो सौर अभियांत्रिकीकडे वळत नाही, एक साधंसं उपकरण तयार व्हायला 10 वर्षं उशीर होतो आणि 224व्या शतकातलं एक युद्ध घडतच नाही. लढाई टाळण्यासाठी सेनापतीला मारायची गरज नाही, एका विद्यार्थ्याचा तास बुडाला तरी पुरतं.

हे सगळं कल्पित आहे. पण त्यामागचा विचार नियंत्रण अभियांत्रिकीतून सरळ उचललेला आहे, आणि तो नीट समजून घेतला तर काळ स्थिर ठेवण्याच्या बाकीच्या कल्पित पद्धतीही पारखता येतात.

जेम्स वॉटनं 1788 साली वाफेच्या इंजिनावर दोन गोळ्यांचा गव्हर्नर बसवला. इंजिन जोरात फिरू लागलं की गोळे बाहेर फेकले जातात, त्यांच्या दांड्या वाफेची झडप थोडी मिटतात आणि वेग खाली येतो. वेग फार उतरला की झडप पुन्हा उघडते. अशा कुठल्याही व्यवस्थेला तीन गोष्टी लागतात: किती वेग हवा हे सांगणारा संदर्भ, किती आहे हे मोजण्याची सोय, आणि फरक पडला की काहीतरी हलवण्याची सोय. हे एवढं असूनही पुष्कळ इंजिनं स्थिर राहायची नाहीत. वेग एकदा वर, एकदा खाली असे हेलकावे खायची. जेम्स क्लार्क मॅक्सवेलनं 1868 साली गव्हर्नरांवर एक निबंध लिहून हे गणितात बसवलं. दुरुस्ती उशिरा पोहोचली किंवा गरजेपेक्षा जास्त जोरात झाली, की दुरुस्तीच नवा बिघाड होऊन बसते.

काळाची दुरुस्ती करणाऱ्यांची पहिली अडचण संदर्भाची असते. इतिहास बदलला तर त्या इतिहासात जगणाऱ्या सगळ्यांच्या आठवणी, कागदपत्रं, स्मारकं त्याच्याबरोबर बदलतात. मग बदल झाला हे कळणार कोणाला? पूर्वी काय होतं याची प्रत कुठंतरी अशा ठिकाणी हवी, जिथं बदलाची लाट पोहोचत नाही. म्हणूनच या प्रकारच्या जवळपास प्रत्येक कथेत दुरुस्ती खात्याची कचेरी काळाबाहेर किंवा काळाच्या एखाद्या निर्मनुष्य कोपऱ्यात असते. असिमॉव्हची इटर्निटी काळाच्या बाहेर आहे. पोल अँडरसनच्या ‘टाइम पेट्रोल’ कथा त्याच 1955 सालापासून येऊ लागल्या. त्यातल्या गस्ती पथकाची प्रशिक्षण संस्था ऑलिगोसीन युगात आहे, माणूस जन्माला येण्याच्या दोन-तीन कोटी वर्षं आधी. ‘डेलेंडा एस्ट’ या कथेत कोणीतरी प्राचीन काळात जाऊन स्किपिओ बापलेकांना मारतं, रोमऐवजी कार्थेज जिंकतं आणि विसावं शतक ओळखू येणार नाही असं होऊन बसतं. हे चुकीचं आहे हे त्या विसाव्या शतकातल्या कोणालाच ठाऊक नसतं. ठाऊक असतं ते बदलाच्या वेळी बाहेर असलेल्या गस्तवाल्यांना.

अँडरसननं आणखी एक गोष्ट स्वच्छ सांगून टाकली आहे, आणि ती मला फार आवडते. हे गस्ती पथक स्थापन करणारे डॅनेलियन लोक माणसाचेच अतिदूरचे वंशज आहेत. ज्या इतिहासातून ते स्वतः निपजणार आहेत तो जसाच्या तसा राहावा एवढंच त्यांना हवं आहे. न्याय, कल्याण वगैरे भाषा नाही. आपला सात-बारा शाबूत राहिला पाहिजे, बस्स.

दुसरी अडचण जास्त खोल आहे. काळ किती ताठ आहे? म्हणजे त्याला धक्का दिला तर तो धक्का जिरतो की वाढत जातो?

रे ब्रॅडबरीच्या 1952 सालच्या ‘अ साउंड ऑफ थंडर’ या कथेत धक्का वाढतो. डायनोसॉरच्या शिकारीला नेणारी कंपनी असते. जो प्राणी तसाही पुढच्या क्षणी मरणार आहे असाच ती निवडते आणि त्याच्यावर आधीच जाऊन रंगाची खूण करून ठेवते. गिऱ्हाइकांना चालायला जमिनीपासून सहा इंच वर तरंगणारी धातूची वाट असते, निर्जंतुक कपडे असतात, झाडलेल्या गोळ्यासुद्धा प्राण्याच्या देहातून काढून परत न्यायच्या असतात. या कथेचा उल्लेख होतो तेव्हा लोक फुलपाखराबद्दल बोलतात. मला तिच्यातलं अभियांत्रिकी लक्षणीय वाटतं. इथं दुरुस्ती शक्यच नाही असं धरून चाललेलं आहे, म्हणून सगळा भर स्पर्शच होऊ न देण्यावर आहे. असल्या व्यवस्थेत एक चूक झाली की परत फिरायला वाव नसतो, आणि एक्केल्स नावाचं घाबरलेलं गिऱ्हाईक वाटेवरून खाली उतरतंच. फुलपाखरू त्याच्या बुटाखाली चिरडतं. परत आल्यावर पाट्यांवरचं स्पेलिंग बदललेलं असतं आणि निवडणुकीत भलताच माणूस जिंकलेला असतो.

नऊ वर्षांनी, 1961 साली, एडवर्ड लॉरेन्झ हवामानाचं गणित संगणकावर पुन्हा चालवत होता. त्यानं 0.506127 या आकड्याऐवजी छापील कागदावरचा 0.506 भरला. काही काळ दोन्ही आलेख जोडीनं चालले आणि मग इतके फाटले की एकाचा दुसऱ्याशी संबंध उरला नाही. यातून केऑस सिद्धांत उभा राहिला. ब्रॅडबरीची कथा अशा रीतीनं थोडीशी विज्ञानाच्या बाजूला आली.

याच्या उलट टोकाला फ्रिट्झ लायबर आहे. त्याच्या 1958 सालच्या कथेत एक माणूस बायकोच्या गोळीनं मेलेला असतो. काळात मागं जाऊन तो आपला मृत्यू टाळू पाहतो. पिस्तूल नाहीसं करतो, नाना खटपटी करतो. शेवटी गोळीच्याच आकाराची एक उल्का आकाशातून येऊन नेमकी त्याच्या दोन डोळ्यांच्या मधे घुसते. लायबरचं विश्व वास्तवाच्या अक्षय्यतेचा नियम पाळतं. तिथं दुरुस्ती खात्याची गरजच नाही, काळ स्वतःच हट्टी आहे.

असिमॉव्हचा मधला मार्ग अभियंत्याला सर्वांत पटण्यासारखा आहे. त्याच्या काळाला जडता आहे. बदल सुरुवातीला पसरतो, काही शतकांत कमाल मर्यादेला पोहोचतो आणि मग हळूहळू ओसरत जाऊन दूरच्या शतकांमध्ये जिरून जातो. जवळपास काळ हळवा आहे, लांबवर ताठ. हे दोन्ही एकत्र असल्याशिवाय त्याची पद्धत चाललीच नसती. काळ सगळीकडे ताठ असता तर डबा हलवून काहीच झालं नसतं, आणि सगळीकडे हळवा असता तर एका डब्यानं पुढच्या साऱ्या शतकांचा इतिहास विस्कटला असता.

जयंत नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत हा प्रश्न मराठी वाचकाच्या अगदी वर्मावर येतो. ‘यक्षांची देणगी’ या संग्रहातली ही कथा. 14 जानेवारी 1761 रोजी विश्वासरावांना गोळी लागली आणि लढाईचं पारडं फिरलं, असं आपण शाळेपासून वाचत आलो. गंगाधरपंत ज्या दुसऱ्या जगात जाऊन पोहोचतात तिथं गोळी विश्वासरावांच्या कानाजवळून निघून गेलेली असते आणि पुढचा हिंदुस्थान वेगळाच घडलेला असतो. नारळीकरांनी आधार घेतला तो रने थॉम या फ्रेंच गणितज्ञाच्या कॅटॅस्ट्रॉफी सिद्धांताचा. परिस्थिती बहुतेक वेळा ढिम्म असते, ढकलली तरी मूळ जागी येते. पण काही विशिष्ट जागी ती अशी काठावर येऊन उभी राहते की किंचितशा फरकानं या किंवा त्या बाजूला कोसळते. म्हणजे काळ ताठ की हळवा याचं एकच उत्तर नाही. जागा कोणती, यावर ते ठरतं. दुरुस्ती खात्याच्या दृष्टीनं हे उत्तर फार सोयीचं आहे. गस्त सगळीकडे घालायला नको, असे काठ तेवढे राखले की झालं.

आता असा प्रश्न पडेल की हळव्या व्यवस्थेला हलकेच स्पर्श करून हवी तिकडे वळवणं हे प्रत्यक्षात कुठं जमलंय का? जमलंय, आणि असिमॉव्हनं ते पाहिलं असतं तर त्याला आपल्या हार्लनची आठवण झाली असती, असं मला वाटतं. ‘आयसी-3’ हे अमेरिकी यान 1978 साली सूर्य आणि पृथ्वी यांच्यामधल्या एका समतोल बिंदूभोवती फिरत राहण्यासाठी पाठवलं होतं. धूमकेतूकडे जाण्यासाठी ते बनवलेलं नव्हतं आणि त्यात तेवढं इंधनही नव्हतं. रॉबर्ट फार्कर या कक्षातज्ज्ञानं दाखवून दिलं की त्या बिंदूपाशी यानाची स्थिती अस्थिर असल्यामुळे तिथं थोडासा रेटा दिला तरी पुढचा मार्ग प्रचंड बदलतो. 1982 पासून असे छोटे रेटे देत, चंद्राजवळून पाच वेळा वळसे घालत, ते यान 11 सप्टेंबर 1985 रोजी जियाकोबिनी-झिनर धूमकेतूच्या शेपटीतून गेलं. धूमकेतूला भेट देणारं ते पहिलं यान. पुढं 1990 मध्ये ओट, ग्रेबोगी आणि यॉर्क या तिघांनी याचीच सर्वसाधारण रीत मांडली: केऑसमध्ये सापडलेली व्यवस्था आवरण्यासाठी तिच्याशी मारामारी करू नका, ती हव्या जागेच्या जवळून जाईल तेव्हा तिला अगदी बारीक टोचणी द्या. किमान आवश्यक बदल हाच की.

फरक एकच. फार्करला पुढचा मार्ग आकडेमोडीतून काढावा लागला. हार्लनचे सहकारी पुढच्या शतकात जाऊन निकाल डोळ्यांनी पाहू शकतात. वॉटच्या इंजिनाला छळणारा उशीर त्यांच्या वाट्याला नाहीच. परिणाम आधी आणि कारण नंतर, असा फीडबॅक मिळाला तर काय होईल, यावर असिमॉव्हनं कादंबरीच्या आधीच एक धमाल रसायन बनवून ठेवलं होतं.

थायोटिमोलिन हे त्याचं नाव. 1948 सालच्या मार्च महिन्यात ‘अस्टाउंडिंग’ मासिकात आलेल्या नकली शोधनिबंधात असिमॉव्हनं, आकृत्या आणि तक्त्यांसकट, अशा पदार्थाचं वर्णन केलं जो पाणी घालण्याच्या 1.12 सेकंद आधीच विरघळतो. तेव्हा तो कोलंबिया विद्यापीठात रसायनशास्त्रातली पीएच. डी. करत होता आणि खऱ्या प्रबंधाची कोरडी भाषा लिहिण्याआधी हात साफ करून घेत होता. तोंडी परीक्षेत सगळे प्रश्न संपल्यावर एका परीक्षकानं थायोटिमोलिनच्या गुणधर्मांबद्दल विचारलं आणि असिमॉव्हला हसू आवरेना. पदवी मिळाली.

पुढच्या निबंधांमध्ये तो या पदार्थाचा उपयोग शोधतो. पहिला पदार्थ विरघळला की दुसऱ्यात पाणी पडेल, अशी जोडणी केली तर दर पायरीला 1.12 सेकंदांची भर पडते. एका दिवसात 86,400 सेकंद असतात, म्हणजे सुमारे 77,000 पायऱ्या जोडल्या की उद्याची बातमी आज मिळेल. रॉकेट कक्षेत पोहोचलं तरच पाणी घालायचं असं ठरवलं, तर थायोटिमोलिन विरघळलं की नाही हे आदल्या दिवशी पाहून उड्डाण करायचं की नाही ते ठरवता येईल. इथवर सगळं ठीक. पण एखाद्या खोडकरानं पदार्थ विरघळलेला पाहिला आणि मग पाणी घातलंच नाही तर?

असिमॉव्हचं उत्तर असं की पाणी येतंच. नळ फुटतो, वादळ येतं, पूर येतो, पण ज्या भांड्यात पाणी पडायचं होतं तिथं ते पडतंच. विसंगती होऊ देण्यापेक्षा निसर्ग एखादा प्रदेश बुडवणं पसंत करतो. इथं दुरुस्ती खातं नाही, टेक्निशियन नाही. स्थिरता विश्वातच बसवलेली आहे आणि तिचा खर्च आसपासच्या बिचाऱ्या लोकांना सोसावा लागतो. विनोदी लेखात असली भयंकर कल्पना पेरणं हे असिमॉव्हलाच जमावं.

कॉनी विलिस या लेखिकेनं हीच अंगभूत स्थिरता जरा सौम्य केली. तिच्या कादंबऱ्यांत ऑक्सफर्डचे इतिहासकार काळात मागं जातात. वॉटर्लूसारख्या नाजूक क्षणाजवळ जाऊ पाहणाऱ्यांसाठी वाट उघडतच नाही, किंवा उघडली तर त्यांना ठरल्यापेक्षा काही तास, काही महिने अलीकडे-पलीकडे, नाहीतर दुसऱ्याच गावी उतरवते. ही घसरण तिथले लोक मोजतात, तिच्या नोंदी ठेवतात. घसरण किती झाली यावरून ती जागा किती नाजूक होती हे कळतं. कल्पित विश्वात मोजमापाची सोय करून ठेवणाऱ्या लेखकांबद्दल मला आदर वाटतो.

भौतिकशास्त्रज्ञांनीही हा विषय पुष्कळ चघळला आहे. कार्ल सेगनला ‘काँटॅक्ट’ या कादंबरीसाठी पटेल असा वेगवान प्रवास हवा होता. त्यानं किप थॉर्नला विचारलं आणि थॉर्ननं कृमिविवरं, म्हणजे अवकाशातल्या दोन जागा जोडणारे बोगदे, सुचवली. त्यातून 1988 साली थॉर्न, मॉरिस आणि युर्टसेव्हर यांचा निबंध निघाला: कृमिविवर उघडं ठेवता आलं तर त्याचं एक तोंड वेगानं फिरवून आणून त्याचं कालयंत्र करता येईल. मग जोसेफ पोल्चिन्स्कीनं एक खोच काढली. बिलियर्डचा चेंडू विवरात जातो, थोडा आधी बाहेर येतो आणि विवराकडे निघालेल्या स्वतःलाच असा आदळतो की तो आत जाऊच शकत नाही. मग बाहेर आला कोण?

थॉर्नचे विद्यार्थी एचेवेरिया आणि क्लिंकहॅमर यांनी गणित करून पाहिलं. 1991 साली प्रसिद्ध झालेलं त्यांचं उत्तर मजेशीर होतं. त्याच सुरुवातीपासून निघालेल्या चेंडूला सुसंगत मार्गही आहेत: म्हातारा चेंडू तरुण चेंडूला जरासा चाटून जातो, त्यामुळे तरुण चेंडू किंचित तिरका होऊन विवरात शिरतो आणि म्हणूनच पुढं नुसता चाटण्यापुरता आदळतो. धडक होते, पण जेवढी स्वतःला खरी ठरवेल तेवढीच. आणि असे मार्ग एक-दोन नाहीत, अनंत निघतात. रशियन शास्त्रज्ञ इगोर नोविकोव्ह याचं मत हेच होतं, की काळात वळसा असला तरी त्या वळशावर सुसंगत असेल तेवढंच घडेल. लायबरची उल्का जरा जास्तच नाटकी होती. चेंडूचा हलका स्पर्श भौतिकशास्त्राला चालण्यासारखा आहे.

स्टीफन हॉकिंगला हेही मान्य नव्हतं. कालयंत्र चालू होण्याच्या क्षणीच ते स्वतःला उद्ध्वस्त करेल असा तर्क त्यानं 1992 साली मांडला. निर्वात अवकाशातही ऊर्जेची सूक्ष्म चलबिचल चालू असते. ती चलबिचल विवरातून जाऊन थोडी आधी बाहेर येते, पुन्हा आत शिरते, स्वतःवरच साचत जाते. लग्नाच्या मंडपात माइक कर्ण्यासमोर धरला की जी किंकाळी उठते तिचा हा भाऊबंद. फक्त इथं आवाज वाढायला वेळही लागत नाही, कारण प्रत्येक फेरी आधीच्याच क्षणी होते. म्हणजे वॉटच्या गव्हर्नरच्या नेमका उलटा प्रकार: व्यवस्था चळ लागून फुटते आणि त्या फुटण्यानंच इतिहास सुरक्षित राहतो. हा तर्क अजून सिद्ध झालेला नाही. त्यासाठी गुरुत्वाकर्षणाचा पुंज सिद्धांत हवा आणि तो कोणाकडेच नाही.

अलीकडच्या पडद्यावरच्या प्रयोगांपैकी 2023 मध्ये आलेला ‘लोकी’ मालिकेचा दुसरा हंगाम अभियांत्रिकीच्या दृष्टीनं सर्वांत सरस ठरावा. तिथं काळाचा कच्चा माल एका अजस्र मागावर येतो आणि मागातून एकसंध कालरेषा विणून निघते. पूर्वी फाटे फुटले की ते छाटले जायचे, म्हणून माग पुरत होता. छाटणी थांबते, फाटे बेसुमार वाढतात आणि मागावर भार येतो. तंत्रज्ञ मागाची क्षमता वाढवणारं उपकरण बनवतात. ते बसवायला वेळ पुरत नाही म्हणून लोकी पुनःपुन्हा मागं जातो, शतकानुशतकं भौतिकशास्त्र शिकतो, शेवटी उपकरण बसतं आणि तरीही माग कोसळतो. कारण अनंत भारासाठी क्षमता कितीही पटींनी वाढवली तरी ती सांतच राहते. पहिलीच अट चुकलेली असेल तर कारागिरी वाया जाते, हे करमणुकीच्या मालिकेत इतकं सरळ दाखवलेलं क्वचित पाहायला मिळतं. पुढं असंही कळतं की तो माग मुळात सर्व फाटे जपण्यासाठी नव्हताच. भार वाढला की मूळ रेषा राखून बाकीचं पुसून टाकायचं, एवढंच त्याचं काम. अँडरसनच्या डॅनेलियनांनी निदान हे पहिल्यापासून कबूल तरी केलं होतं.

इथं पुन्हा असिमॉव्हकडे यायला हवं, कारण आपल्याच पद्धतीचा दोष त्यानं स्वतः शोधून कादंबरीच्या गाभ्याला ठेवला आहे. इटर्निटीचे अधिकारी लुच्चे नाहीत. युद्ध, व्यसन, उपासमार कमी करणं हा त्यांचा प्रामाणिक हेतू आहे. पण हेलकावे शमवणारी व्यवस्था खालचे झोके तेवढे वेचून शमवत नाही, वरचेही शमवते. जोखीम दिसली की ती कापली जाते, आणि अंतराळप्रवास ही मोठीच जोखीम, खर्चिक, बेभरवशाची. एका शतकात तो उगवतो, कोणाचं तरी गणित त्याला नको ठरवतं, डबा हलतो. पुन्हा दुसऱ्या शतकात उगवतो, पुन्हा डबा हलतो. माणूस लाखो वर्षं पृथ्वीवर सुखरूप राहतो आणि जेव्हा केव्हा ताऱ्यांकडे निघतो तेव्हा तिथं इतर जीवांनी वस्ती करून ठेवलेली असते. मग माणूस हळूहळू संपतो. 1,50,000व्या शतकानंतरच्या पृथ्वीवर इटर्निटीला माणूस सापडत नाही, याचं कारण हेच. कुठल्याही एका दुरुस्तीत चूक नव्हती. प्रत्येक वेळी संदर्भ मात्र एकच धरला होता: आजच्यापेक्षा उद्या कमी त्रासाचा असावा.

या कादंबरीचं बीज असिमॉव्हला 1932 सालच्या ‘टाइम’ साप्ताहिकाच्या जुन्या अंकात मिळालं. एका जाहिरातीतलं रेखाचित्र त्याला थेट अणुबाँबच्या छत्रीसारखं दिसलं. नीट पाहिल्यावर ते उष्ण पाण्याच्या कारंज्याचं निघालं. पण बाँब पडण्याच्या 13 वर्षं आधी कोणी हे चित्र खरंच मुद्दाम छापलं असेल तर, या विचारातून त्यानं एक पात्र 1932 मध्ये अडकवलं आणि जाहिरातीतून त्याला भविष्याकडे निरोप पाठवायला लावला.

आणि कादंबरीच्या शेवटी इटर्निटी मोडून काढायची वेळ येते तेव्हा हत्यार तेच वापरलं जातं, किमान आवश्यक बदल. दूरच्या भविष्यातून आलेली नोईस नावाची स्त्री 1932 मध्ये येते ती फक्त एक पत्र पाठवण्यासाठी. पत्र जाणार इटलीतल्या एका शास्त्रज्ञाला, युरेनियमवर न्यूट्रॉनचा मारा करून पाहा असं सुचवणारं. नाव घेतलेलं नाही, पण रोममध्ये 1934 साली हा प्रयोग कोणी केला हे भौतिकशास्त्राचा विद्यार्थी लगेच सांगेल. त्या पत्रामुळे पहिला अणुस्फोट तिसाव्या शतकाऐवजी 1945 मध्ये होतो, अणुऊर्जा लवकर हातात आल्यामुळे माणूस वेळेत ताऱ्यांकडे निघतो आणि इटर्निटी कधी स्थापनच होत नाही. म्हणजे कादंबरीतला शेवटचा दुरुस्त केलेला इतिहास हा आपलाच इतिहास आहे, हिरोशिमासकट. इटर्निटीत प्रत्येक बदलाआधी आयुष्यं आखणारा अधिकारी बसून एकेका माणसाचं काय होणार ते मांडायचा. या बदलाच्या वेळी तो हिशेब मांडायला कोणी जागेवर नव्हतं, आणि पत्र पाठवायचं की नाही हे ठरलं ते एका गुहेत, हार्लन आणि नोईस या दोघांत.